तिसरी किल्ली

भर दुपारी, घर चिडीचूप असताना, दाराच्या कुलपात बाहेरून किल्ली फिरली.

ती लेकीच्या फ्रॉकला बटण लावत बसली होती. सुई तशीच बोटांत राहिली. तिची स्वतःची किल्ली पर्समध्ये होती. नवऱ्याची तो कामावर जाताना विसरून गेला होता, ती समोर खुंटीवर दिसत होती. म्हणजे ही तिसरी. आजोबांची.

आजोबा म्हणजे ज्यांनी त्यांना हा फ्लॅट विकला ते. खरेदीखतावर सह्या झाल्या त्या दिवशी, "गॅलरीतल्या झाडांना पाणी घालायला येत जाऊ का अधूनमधून?" असं त्यांनी अवघडून विचारलं, आणि तीच म्हणाली होती, "विचारता काय, आजोबा! किल्ली राहू दे की तुमच्याकडे."

दार बोटभर उघडलं आणि साखळीला अडलं.

"वहिनी, आहात वाटतं घरात?" आवाज मऊ, ओळखीचा. आजोबांचा पुतण्या.

ती धावत जाऊन दाराला खांदा लावून उभी राहिली. "हे घरी नाहीत. नंतर या."

"माहितीय की. सकाळी ते घर सांभाळतात, दुपारी तुम्ही. वाटण्या छान केल्यात हो."

म्हणजे हा माणूस रोज खाली उभा राहून बघतो. त्यांच्या वकीलबाईंनी बजावलं होतं, घर एक मिनिटही रिकामं ठेवायचं नाही. आणि शुक्रवारी रजिस्ट्रारपुढं तारीख आहे, तोपर्यंत कुलूपही बदलायचं नाही, नाहीतर घर बळकावलं म्हणून पुतण्याच आधी बोंब ठोकेल. म्हणून चष्म्याच्या दुकानातल्या नोकरीतून अर्ध्या दिवसाची सुट्टी काढून ती रोज दुपारी अशी जीव मुठीत धरून बसत होती.

"इथं तुमचं काय काम आहे?" तिनं विचारलं.

"काकांचं घर आहे, म्हटलं बघून जावं. नोंदणी तर झालीच नाही ना तुमची?"

"सही झालीय त्यांची."

"असेल बुवा. मी कुठं पाहिली? आता वारस म्हणून मीच रजिस्ट्रारपुढं उभं राहून 'हो, सही काकांचीच' म्हणायचं. न पाहिलेल्या गोष्टीला हो कसं म्हणू? म्हातारपणी हातही थरथरतो माणसाचा."

"थरथरत नव्हता!" तिचा आवाज चढला. "मी बसवलेल्या काचांचा चष्मा लावून, पान न् पान वाचून सही केलीय त्यांनी."

"मग त्या चष्म्यालाच आणा साक्षीला." तो हसला, अगदी घरच्यासारखा. "रागावू नका. त्या सोमवारी नोंदणीला नंबर लागला होता तुमचा. पोरीला ताप आला म्हणून तुम्हीच पुढं ढकललंत. काका गुरुवारी गेले. ह्यात माझं काय चुकलं, सांगा बरं?"

तिला आजोबांचा फोनवरचा आवाज आठवला. 'पोर आधी बरी होऊ दे गं. ऑफिस काय पळून चाललंय?'

तिनं साखळी मुठीत घट्ट धरली.

"मी शेजाऱ्यांना हाक मारीन," ती म्हणाली. शब्द तिलाच खोटे वाटले. दोन्ही बाजूंची दारं दिवसभर बंद असत.

"मारा की. पुतण्या काकांच्या घरी आलाय, एवढंच सांगायचं." फटीतून त्याच्या बुटाचं चकचकीत टोक दिसलं, मग मागं सरलं. "बरं, निघतो. कुलूप लावून जातो हं, दिवस वाईट आहेत."

त्यानं दार ओढून घेतलं. किल्ली उलटी फिरली, एकदा, मग दुसऱ्यांदा. पावलं जिना उतरत गेली, काही घाई नसल्यासारखी.

ती वळली. आतल्या खोलीच्या दारात लेक उभी होती. सहा वर्षांची, अनवाणी, गालावर उशीचा वळ. कधीपासून उभी होती कोण जाणे. जवळ जाऊन तिला कुशीत घ्यायला हवं होतं, पण साखळीवरून हातच निघेना.

"आई," लेक हळूच म्हणाली, "मला ताप आला नसता तर आपलं घर आपलंच राहिलं असतं?"