आईच्या खोलीतली दहा मिनिटं

कालविद्येवर चार जाडजूड ग्रंथ लिहिणाऱ्या बाईंनी स्वतः कधी मागचा काळ पाहिला नव्हता. त्या शिकवत त्या संस्थेत यावरून चेष्टा चाले. "बाई पोहण्यावर पुस्तकं लिहितात, पण पाण्यात पाय घालत नाहीत," असं ग्रंथपाल तोंडावर म्हणायचे, आणि बाई हसून वेळ मारून नेत.

मागचा काळ पाहायला दहाच मिनिटं मिळतात, आणि त्यांच्या बदल्यात एका डोळ्याची नजर कायमची जाते. नुसतं पाहायचं, ऐकायचं. बोलता येत नाही, काही बदलता येत नाही. म्हणून शहाणी माणसं एकदाच पाहतात, आणि फार शहाणी पाहतच नाहीत. बाई स्वतःला फार शहाण्यांत धरत. खरं म्हणजे त्यांना भीती वाटत होती.

एकतीस वर्षांपूर्वी आई गेली. दादा तेव्हा भांडून दूरच्या शहरात निघून गेलेला, त्यामुळे आजारी आईचं सगळं बाईंवरच होतं. त्या दुपारी 'तासाभरात येते' म्हणून त्या ग्रंथालयात गेल्या, एका प्रकरणात रमल्या आणि तीन तासांनी परतल्या. तोवर आई गार पडली होती. दुसऱ्या दिवशी दादा आला. त्याने उंबऱ्यातच विचारलं, "शेवटी माझी आठवण काढली का गं?"

"काढली. तुझंच नाव घेत होती," बाई बोलून गेल्या. तेव्हा त्या सव्वीस वर्षांच्या होत्या. आपण तिथे नव्हतोच, हे सांगायला जीभ रेटली नाही.

त्या एका वाक्याच्या आधारावर दादाने पुढचं आयुष्य काढलं.

आता तो परत याच शहरात येऊन राहिला होता, आणि अंथरुणाला खिळला होता. एका सकाळी त्याने बहिणीला जवळ बसवून घेतलं. "चिमे, आई नेमकं काय म्हणाली होती? शब्द न् शब्द सांग. ते ऐकून जायचंय मला."

"उद्या सांगते," बाई कशाबशा म्हणाल्या.

"एवढी वर्षं थांबलो, एक दिवस काय मोठा!"

पाहायचं तर त्याच जागी बसावं लागतं. त्या जुन्या भाड्याच्या खोलीत आता कागदाच्या व्यापाऱ्याचं गोदाम होतं. "अर्धा तास बसू द्याल का?" बाईंनी विचारलं.

"बसा की. फक्त गठ्ठ्यांना टेकू नका," व्यापारी म्हणाला आणि दार ओढून गेला.

आई गेल्याची नेमकी वेळ कुणालाच माहीत नव्हती, पण या विद्येत 'शेवटची दहा मिनिटं' एवढं मागितलं तरी पुरे. बाईंनी तीच निवडली, डोळे मिटले, आणि आयुष्यभर शिकवलेले शब्द पहिल्यांदाच मनापासून उच्चारले.

कॉटवर आई होती. शेजारी औषधाची बाटली, उलटा ठेवलेला चष्मा, अर्धवट सोललेलं संत्रं. आईने एक फोड तोंडात टाकली, तोंड वाकडं केलं, बोटं चादरीला पुसली. इतक्यात जिन्यावर पावलं वाजली. तिने मान उचलली. "चिमे, आलीस का गं?"

पावलं वरच्या मजल्यावर निघून गेली. आई परत आडवी झाली. जरा वेळाने पुन्हा, अगदी हळू, "आलीस का?" मग श्वास थांबला. दादाचं नाव निघालंच नाही.

बाईंनी डोळे उघडले तेव्हा डाव्या बाजूला काळोख होता. भिंतीला हात लावत त्या बाहेर पडल्या. आता काहीही सांगता आलं असतं. त्यांच्या शब्दावर शंका घेणारं कुणी नव्हतं. पण दादापुढे बसल्यावर त्या म्हणाल्या, "मी खोटं बोलले होते. आई गेली तेव्हा मी घरात नव्हते, ग्रंथालयात होते. ती मला हाक मारत होती."

दादाने छताकडे पाहिलं. "आणि तू ग्रंथालयात."

"हो."

"एकतीस वर्षं मला वाटत होतं, या घरात नालायक तो मी एकटाच." त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. "जा तू आता."

पाचव्या दिवशी वहिनीचा निरोप आला, या म्हणून. बाई गेल्या. दादाने नीट निरखून पाहिलं. "डोळा गेला म्हणे तुझा?"

"एकच गेला."

"बस. खोलीत काय काय होतं ते सांग."

बाई सांगू लागल्या. संत्र्यापाशी त्याने अडवलं. "आंबट होतं?"

"तोंड असं वाकडं केलं तिने!"

दादा हसला, हसता हसता खोकला, आणि पाणी पिऊन म्हणाला, "पहिल्यापासून सांग."

तो आणखी सात आठवडे जगला. बाई रोज जात, रोज तेच सांगत. जिन्यावरच्या पावलांपाशी आल्या की तो हाताने थांबवायचा. माफ केलं असं तो कधी म्हणाला नाही, आणि बाईंनीही विचारलं नाही. शेवटच्या दुपारी त्याने खिडकी उघडायला सांगितली. कडी गंजली होती, वहिनीला निघेना. मग दोघींनी मिळून जोर लावून ती उघडली.