वहिनीमार्क

दिग्दर्शकांच्या बायकोने त्यांचा एकही सिनेमा सलग शेवटपर्यंत पाहिला नव्हता, आणि दिग्दर्शकांच्या नावलौकिकाचं मूळ नेमकं तिथेच होतं.

हे गुपित जगात दोघांनाच ठाऊक होतं. एक दिग्दर्शक, दुसरे त्यांचे जन्माचे जोडीदार संकलक, ज्यांना सगळे कात्रीभाऊ म्हणत. पहिल्या सिनेमाच्या वेळी एडिटिंगच्या खोलीत एक वेताची खुर्ची होती. बायको शाळेत गणित शिकवायची. शाळा सुटली की नवऱ्याचा डबा घेऊन ती थेट तिथे यायची, खुर्चीत टेकायची आणि मोठ्या कौतुकाने सिनेमा बघायला लागायची. थोड्या वेळाने तिची मान डावीकडे कलायची.

"वहिनींचा डोळा लागला," कात्रीभाऊ पहिल्यांदा कुजबुजले आणि गंमत म्हणून त्यांनी फिल्मच्या पट्टीवर त्या जागी पांढऱ्या पेन्सिलीने फुली मारली. दुसऱ्या दिवशी दोघांनी ती जागा पाहिली. प्रसंग खरोखरच रटाळ होता. नायक पत्र वाचत होता, मग घडी घालत होता, मग पुन्हा उघडत होता. त्यांनी तो उडवला. त्या संध्याकाळी वहिनी बऱ्याच पुढे जाऊन झोपल्या. तिथे पुन्हा फुली. अशा रीतीने एका नव्या शास्त्राचा जन्म झाला आणि त्या फुलीला नाव पडलं वहिनीमार्क.

समीक्षकांनी लिहिलं, 'या दिग्दर्शकाला तालाची उपजत जाण आहे.' दिग्दर्शकांनी ते कात्रण फ्रेम करून लावलं. बायकोने त्यावरची धूळ आयुष्यभर पुसली, पण ते नक्की कोणाबद्दल आहे हे तिला कोणी सांगितलं नाही.

पुढे दिग्दर्शक टीव्हीवर गेले. त्यांच्या मालिकेत एक सून जिना चढायला लागली की आठवड्याने वर पोचायची. तिथे वहिनीमार्काचा उपयोग नव्हता. तिथे कापायचं नसतं, ताणायचं असतं. बायको तर शीर्षकगीतालाच झोपायची. पण मालिकेने घर बांधलं, मुलीचं शिक्षण केलं, आणि दिग्दर्शकांना रस्त्यात अनोळखी बायका अडवून सुनेच्या वतीने जाब विचारू लागल्या. ते एकंदर सुखात होते.

आणि आता, केस पांढरे झाल्यावर, त्यांनी पुन्हा एक सिनेमा केला होता. स्वतःचा, मनासारखा. निवृत्त झाल्यावरही रोज येऊन लिफ्टमधल्या स्टुलावर बसणाऱ्या एका लिफ्टवाल्याची गोष्ट. ज्या चॅनेलने सिनेमा घेतला होता, तिथल्या बाई भल्या होत्या, पण ठाम होत्या.

"सर, सिनेमा सुंदर आहे. फक्त अर्धा तास जास्त आहे. सोमवारपर्यंत तुम्ही कापा, नाहीतर आमचा माणूस कापेल."

त्यांचा माणूस दिग्दर्शकांनी पाहिला होता. तो बोलतानासुद्धा अर्धी वाक्यं कापायचा.

म्हणून शनिवारी सकाळी तिघं पुन्हा एडिटिंगच्या खोलीत जमले. फिल्मच्या पट्ट्या जाऊन कंप्युटर आला होता, वेताची खुर्ची तीच होती. बायको, आता निवृत्त, खुर्चीत टेकली. सिनेमा सुरू झाला. ते दोघं पडद्याकडे न बघता तिच्या मानेकडे बघत राहिले.

मान कललीच नाही. सिनेमा संपला.

"छान आहे हो," ती म्हणाली.

दिग्दर्शक खुर्चीसमोर येऊन उभे राहिले.

"सगळा बघितलास?"

"मग काय अर्धा बघू?"

कात्रीभाऊंनी त्यांना खिडकीपाशी ओढलं. "सर, सिनेमा इतका चांगला झालाय का?"

"नाही रे. एवढा चांगला कसा होईल?"

दुपारी त्यांनी तिला हॉटेलात भरपूर जेवू घातलं, वर ताक पाजलं. परत येऊन पाठीशी उशी लावली, पंखा मंद केला, पडदे ओढले. बायकोने दाणे चघळत सिनेमा दुसऱ्यांदा संपूर्ण पाहिला.

"अहो, तुम्ही दोघं माझ्याकडे काय टक लावून बघताय? माझ्या तोंडावर सिनेमा लागलाय का?"

इलाज राहिला नाही. दिग्दर्शकांनी कात्रीभाऊंकडे पाहिलं, कात्रीभाऊंनी छताकडे पाहिलं, आणि शेवटी दिग्दर्शकांनी चाचरत वहिनीमार्काची सगळी हकीकत सांगून टाकली. ती ऐकत होती. दाणे चघळायचे थांबले होते.

"म्हणजे मला कंटाळा आला की तुम्ही कापायचात?"

"तुझ्या कंटाळ्यावर आमचा फार विश्वास होता गं."

"अहो, कंटाळा कसला! मी दमलेली असायचे. पहाटे उठून डबे, मग शाळा, मग तुमचा डबा घेऊन इथे. त्या खुर्चीत मला कोणी सर्कस दाखवली असती, तरी मी झोपले असते."

मग कात्रीभाऊंनी हळूच विचारलं, "वहिनी, दुसऱ्या सिनेमाचा शेवट फार अचानक येतो. त्याच्यावर लोकांनी लेख लिहिलेत."

"तेव्हा सहामाहीचे पेपर तपासत होते मी."

"आणि बक्षीस मिळालेला? त्यात आईचं पात्र मध्येच नाहीसं होतं, ते?"

"तेव्हा पोरीला गोवर आला होता."

दिग्दर्शक मटकन स्टुलावर बसले. त्यांची तालाची उपजत जाण म्हणजे सहामाही आणि गोवर होती. काही क्षण त्यांना वाईट वाटलं. मग ती रोज दमूनभागून इथवर यायची, हे डोक्यात शिरलं आणि जास्त वाईट वाटलं.

"घरी जाऊन झोपायचंस ना मग," ते म्हणाले.

"घरी तुम्ही कुठे होता?" ती म्हणाली, आणि दाण्यांची पुडी त्यांच्यापुढे धरली. "चला, लावा परत. या वेळी मी सांगते कुठे कापायचं. आता मी चांगली जागी आहे."

तिसऱ्यांदा सिनेमा लागला. एका प्रसंगाला दिग्दर्शकांचा फार जीव होता. त्यात लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकते आणि लिफ्टवाला बंद दाराकडे बघत राहतो. प्रेक्षकही त्याच्याबरोबर बघत राहतात, चांगला बराच वेळ. दिग्दर्शकांच्या मते सगळा सिनेमा त्या दारात होता. ते नीट सावरून बसले. दार आलं.

डोळे उघडले तेव्हा पडदा थांबलेला होता आणि बायको व कात्रीभाऊ त्यांच्याकडे बघत होते. कात्रीभाऊंच्या चेहऱ्यावर जुनी, ओळखीची लकाकी होती.

"मार्क लावला, सर."

"मी झोपलो नव्हतो. विचार करत होतो."

"घोरत?" बायकोने विचारलं.

"ते दार काढायचं नाही!"

"सगळं कुठे काढतोय? तुम्ही जागे होतात तेवढं ठेवू." ती कात्रीभाऊंकडे वळली. "भाऊजी, आणि तो शेजारी येऊन उपदेश करतो ना, तो अख्खा काढा. मी दोन्ही वेळा त्याच्या तोंडातले दात मोजत होते."

सोमवारी सिनेमा चॅनेलच्या मापात बसला. बाईंना तर आपण काही कापायला सांगितलं होतं हेच आठवेना, इतका तो आवडला.

पहिल्या खेळाला छोटं थिएटर भरलं होतं. मुलगी घरच्यांना घेऊन आली होती. आदल्या दिवसापासून बायकोने पाहुण्यांचं जेवणखाण केलं होतं, दिग्दर्शकांचा शर्ट दोनदा इस्त्री केला होता, आणि भाषणात कोणाचे आभार राहिले याची तीनदा आठवण करून दिली होती. दिवे मालवले. लिफ्टवाला स्टुलावर बसला. लोक हसले, जिथे हसायचं होतं तिथेच. मग दार आलं, थोडकंच, आणि दिग्दर्शकांना मान्य करावं लागलं की आता ते जास्त बंद वाटत होतं.

तेवढ्यात त्यांच्या खांद्यावर काहीतरी टेकलं. बायकोची मान. डावीकडे कललेली.

सवयीने त्यांनी मागे वळून पाहिलं. शेवटच्या रांगेतून कात्रीभाऊंनीही ते पाहिलं होतं, आणि अंधारात दोन बोटं उचलून कात्रीची खूण करून ते विचारत होते, कापायचं का?

दिग्दर्शकांनी मान हलवली. नको. दमलीय ती.

आणि सिनेमा संपून दिवे लागेपर्यंत, टाळ्या पडून लोक उभे राहिले तरी, त्यांनी खांदा हलवला नाही.