टँकरवर स्थगिती

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पणदऱ्याचा अनुप ती चढला, आणि तीही थेट मुंबईच्या हायकोर्टाची. बरं, त्याचं चुकलं असंही म्हणवत नाही.

सत्त्याण्णवचा उन्हाळा. इंदापूर तालुक्यातल्या कोरड्या गावांना टँकरनं पाणी पुरवायचं सरकारी टेंडर निघालं. अनुपचा दर सगळ्यांत कमी. पण दरांची पाकिटं उघडून झाल्यावर टेंडर काढणाऱ्या साहेबांना एकाएकी आठवलं, की ठेकेदाराला पाच वर्षांचा अनुभव हवा. तो फक्त जुन्या ठेकेदार मोहनरावांना होता; ठेका त्यांनाच गेला. पाच वर्षं ठेका दुसऱ्या कुणाच्या वाट्याला येऊच दिला नव्हता, तर दुसऱ्याला अनुभव काय आभाळातून पडणार होता?

वकील विनयाताईंनी त्याला आधीच बजावलं, "टँकर कुणाचा चांगला, हे कोर्ट बघत नाही. निवड नियमानं झाली का, एवढंच बघतं."

"तेवढंच बघू द्या, ताई."

पहिल्याच तारखेला मोहनरावांच्या ठेक्याला स्थगिती मिळाली. त्यांचं थांबलं म्हणजे आपलं सुरू झालं, असं अनुपनं परस्पर ठरवून टाकलं. दोनचार दिवसांनी बारामतीत पेढे घेतले आणि इंदापूरकडच्या आत्याला खबर द्यायला तो तिच्या गावी गेला.

गावच्या विहिरीवर बायका रिकाम्या कळशा घेऊन बसल्या होत्या. टँकर यायचा, आपलं पाणी त्या आटलेल्या विहिरीत सोडायचा आणि बायका ते शेंदून न्यायच्या. आता विहिरीत नुसता चिखल दिसत होता.

पाहुणा आला की आधी पाणी. भागुआत्यानं अर्धा तांब्या पुढं केला.

"एवढंच हाय रं," ती ओशाळून म्हणाली. "कुणीतरी मेल्यानं कोर्टात जाऊन टँकर बंद पाडलाय. त्याच्या घरी बायकापोरं न्हाईत का?"

अनुपनं तांब्या तसाच खाली ठेवला. पेढ्यांचा पुडा पिशवीतून निघालाच नाही.

"आत्या, त्यो मीच."

तिनं त्याच्याकडं निरखून पाहिलं. मग तिनं विचारलं, "तुझं खरं हाय का?"

"व्हय."

"मग केस सोडू नगंस. पर आमच्या नरड्यावर पाय ठिऊन लढू नगंस."

तो तडक विनयाताईंकडं गेला. निकाल लागेपर्यंत पाणी मलाच वाहू द्या, असं त्यानं त्यांना कोर्टात मागायला लावलं. निकालाआधी ठेका हातात देता येणार नाही, असं कोर्टानं सांगितलं.

"मग स्थगिती उठवायला सांगा," अनुप म्हणाला.

विनयाताईंनी चष्मा काढला. "अनुप, ती उठली की उन्हाळा मोहनरावांचा. आपला निकाल लागेल तेव्हा टँकरचं कामच उरणार नाही."

"ठाऊक हाय, ताई."

स्थगिती उठली. मोहनरावांचे टँकर धावू लागले आणि अनुपचा टँकर दारात उभा राहिला. वडील गंगाराम त्याच्याशी धड बोलेनात.

जुलैत निकाल आला. पाकिटं उघडल्यावर नवी अट घालणं बेकायदा, निवड चुकीची. पण कामच संपलेलं असल्यानं आता देण्यासारखं काही नाही.

"जिकलास म्हन की," गंगाराम म्हणाले. "पर मिळालं काय?"



पंधरा ऑगस्टला आत्यानं त्याला गावी बोलावून घेतलं. झेंडावंदन झाल्यावर सरपंच रावजींनी मोहनरावांना शाल-श्रीफळ दिलं. त्यांनी गावाला उन्हाळाभर पाणी पाजलं होतं, हे काही खोटं नव्हतं. मागं बसलेल्या अनुपनंही टाळ्या वाजवल्या.

तेवढ्यात भागुआत्या उठली.

"सरपंच, टँकर कुणी बंद पाडला, ते तवा समद्यांनी इचारलं. परत कुणामुळं सुरू झाला, ते कुणीच इचारलं न्हाय. दोनी माझ्या भाच्यानं केलं. पयलं न कळता आन् दुसरं सोताचं नुसकान करून."

मोहनराव शालीचा काठ चाचपत राहिले. अनुपनं घाईघाईनं आत्याचा पदर ओढला.

"आत्या, खाली बस."

"बसते," ती म्हणाली. "तू उभा ऱ्हा आदी."

अनुप उभा राहिला. मान वर करायला मात्र त्याला वेळ लागला.