मिठाच्या पाण्यातले मुनिडॉप्सिस

आमची आरोही समुद्राच्या तळाशी राहणाऱ्या जिवांवर पीएच.डी. करते. सोलापुरात समुद्र नाही, तलाव आहे. पण पोरीच्या डोक्यात शिरलं ते शिरलंच. त्या जिवांना इंग्रजीत स्क्वॉट लॉबस्टर म्हणतात.

"लॉबस्टर म्हणजे शेवंड ना गं?" मी पहिल्यांदा विचारलं होतं.

"हो, पण हे शेवंड नव्हेत."

"मग खेकडे?"

"खरे खेकडेही नव्हेत. शंखात राहतो तो खेकडा असतो बघ, त्याचे हे चुलतभाऊ. शेपटी पोटाखाली दुमडून बसतात."

माझ्या सासूबाई, सुंदरम्मा, पाटावर बसून वाती वळत होत्या. त्या म्हणाल्या, "शेवंड न्हाय, खेकडा न्हाय. मग हाय तरी कोण? घराणं काय सांगायचं लोकांला?"

आम्ही लिंगायत. घरात कांदासुद्धा सोमवारी शिजत नाही, तिथं असल्या जिवांचं नाव तरी कसं घ्यायचं? म्हणून मी त्यांना 'पाहुणे' म्हणू लागले.

तर ते पाहुणे गेल्या श्रावणात खरोखरच घरी आले. आरोही कोचीहून पुण्याला निघाली होती, वाटेत चार दिवस घरी उतरली. सामानात पाच छोट्या काचेच्या बरण्या होत्या. प्रत्येकीत स्पिरिट, स्पिरिटात एकेक पाहुणा, आणि पाहुण्याशेजारी पेन्सिलीनं लिहिलेली चिठ्ठी. बाहेर चिकटवलेलं लेबल पुसतं, म्हणून चिठ्ठी आतच ठेवतात म्हणे. पाचातला एक आजवर जगात कुणी नोंदवलेलाच नाही, असं आरोहीचं म्हणणं. मंगळवारी पुण्यात एक मोठे तज्ज्ञ तो बघणार होते. त्यांनी मान डोलावली की त्याला नाव द्यायचा मान आमच्या आरोहीचा. दोन वर्षं ती त्याच्यासाठी झिजली होती. डोळ्यांखाली काळं आलं होतं पोरीच्या.

सोमवारी सकाळी ती कुर्डुवाडीला गेली, मैत्रिणीच्या, रेश्माच्या, बाळाच्या बारशाला. पाचच्या गाडीनं परत येणार होती. आणि त्याच सोमवारी आमच्याकडं पंचाक्षरी स्वामींची पादपूजा होती.

पहाटे माझी लिंगपूजा झाली. ती झाल्याशिवाय मी पाणी घेत नाही. मग घर पुसायला घेतलं. आरोहीच्या कपाटापाशी आले तर सासूबाई नाक वर करून उभ्या.

"वास येतोय."

"औषधाचा आहे, आत्या."

"औषधाचा? मला काय कळत न्हाय व्हय? दारू हाय ती. दारू घरात, आणि स्वामींचं पाय धुणार! कुठल्या तोंडानं पादोदक घ्यायचं?"

खोटं तर त्या बोलत नव्हत्या. आरोहीनंच सांगितलं होतं, की स्पिरिट म्हणजे शुद्ध अल्कोहोल. तिला तीन-चारदा फोन लावला, तिनं उचलला नाही. गाडीत असेल. दहाला स्वामी येणार. मी विचार केला, दारू तेवढी घराबाहेर काढावी, पाहुण्यांना कशाला हलवायचं? पण त्यांना कोरडं तरी कसं ठेवायचं? मग मला कैऱ्या आठवल्या. आपल्याकडं कैऱ्या वर्षभर मिठाच्या पाण्यात राहतात की. आणि हे तर समुद्रातलेच. मीठ त्यांच्या ओळखीचं.

केलं तसं. स्पिरिट एका कॅनमध्ये ओतलं, झाकण घट्ट लावलं आणि कॅन मागच्या बोळात धुण्याच्या दगडाआड ठेवला. मूठभर मीठ उकळत्या पाण्यात विरघळवलं, गार केलं, बरण्या भरल्या. चिठ्ठ्या मात्र ओल्या गच्च दिसल्या. भिजून अक्षरं गेली तर पोरीनं काय करायचं, म्हणून एकेक चिमट्यानं काढून खिडकीत फडक्यावर वाळत घातली. बरण्या ज्या ओळीनं, चिठ्ठ्याही त्याच ओळीनं. मी काही वेंधळी नाही.

पादपूजेचं पाणी तापलं का बघायला गेले. पाच मिनिटं, जास्त नाही. परत आले तर फडकं झटकून घडी केलेलं.

"आत्या, इथले कागद?"

"हे घे की तुझं कागद. खिडकीत चिटोरं पडलेली, म्हटलं स्वामींच्या पुढ्यात कचरा नको." त्यांनी कनवटीतून पाच चिठ्ठ्यांचा गठ्ठा काढून दिला.

पाच चिठ्ठ्या, पाच पाहुणे. कोण कुणाचं, देवाला ठाऊक. मी तिथंच खाली बसले. नव्या जिवाची चिठ्ठी भलत्याच्या बरणीत गेली, की दोन वर्षांचं काम मातीत. आणि ते करणारी कोण? आई.

तेवढ्यात आरोहीचाच फोन आला. मागं पाळण्याची गाणी चालली होती.

"आई, इतके मिस्ड कॉल? काय झालं?"

मी सगळं सांगितलं.

"मिठात?" ती म्हणाली.

"कैऱ्यांसारखं, बाळा."

"आई, ती लोणची नाहीत गं!" मग लांब श्वास. "बरं. थोड्या वेळात काही बिघडणार नाही. स्पिरिट आहे ना? ते परत भर. पण आधी ओळख पटवायला हवी. मी सांगते तसं बघत जा. आधी रोस्ट्रम बघ."

"ते कुठं असतं?"

"दोन डोळ्यांच्या मधोमध पुढं आलेलं टोक. आणि पाठीची ढाल असते तिला कॅरापेस म्हणायचं. केलिपेड म्हणजे नांग्यांचे लांब हात."

इतक्यात दारात खडावा वाजल्या. पंचाक्षरी स्वामी आले. मी फोन हातात धरूनच वाकले. सासूबाईंनी चौरंग मांडला, ताम्हणात त्यांचे पाय ठेवले, आणि मला डोळ्यांनी खुणावू लागल्या. स्वामींनी बरण्यांकडं पाहिलं.

"हे काय मांडलंय?"

लपवायचं ते कसं? जे घडलं ते मी सांगितलं. स्वामी सत्तरीचे, स्वभावानं शांत. ते म्हणाले, "पोरीचं काम आधी होऊ दे. पाय काय, कधीही धुता येतील." आणि पिशवीतून पंचांग वाचायचं भिंग काढून माझ्या हातात दिलं.

"स्वामी, खेकड्याला भिंग!" सासूबाई कळवळल्या.

"खेकडा नाही म्हणते ना ती."

मी पहिली बरणी उजेडात धरली. भिंगातून पाहिलं आणि अंगावर काटा आला. दोन डोळ्यांच्या मधोमध एक लांब सुळका, आणि दोन्ही बाजूंना दोन लहान.

"आरोही, ह्याच्या कपाळावर त्रिशूळ आहे गं!"

"वा! ती मुनिडा. मधला रोस्ट्रम, बाजूचे दोन सुप्राऑक्युलर काटे. पाठीवर आडव्या रेघा आहेत का?"

"आहेत. भस्माचे पट्टे ओढल्यासारख्या. डोळेही टपोरे, काळे."

"मग शंभर टक्के मुनिडा."

सासूबाई जागच्या उठल्या. "त्रिशूळ? भस्म? बघू, बघू मला." मघाशी नाकाला पदर लावून बसलेल्या त्या, आता भिंग सोडेनात. "यव्वा! आपल्यातलाच दिसतोय की हा!"

दुसऱ्याची पाठ गुळगुळीत, आणि हात अंगाच्या तिप्पट. "युरोप्टिकस," आरोही म्हणाली, "प्रवाळावर राहतो." चिठ्ठीवरचं स्पेलिंग मी अक्षर अक्षर लावून पाहिलं आणि ती त्याच्या बरणीपुढं ठेवली.

उरले तीन, तिघंही मुनिडॉप्सिस. फिकट, आणि डोळे पांढरेफटक.

"आंधळे आहेत का गं?"

"जवळजवळ. तिथं तळाशी उजेडच पोचत नाही, डोळ्यांना रंग कशाला हवा? आता पाठ बघ. एकाच्या पाठीवर मधोमध एकामागं एक दोन मोठे काटे असतील."

सापडला. राहिले दोन. जुळ्या भावांसारखे.

"हे सगळ्यात महत्त्वाचं," आरोहीचा आवाज बारीक झाला. "एकाच्या डोळ्यावर बारीक काटा असेल. तो जुना, माहीत असलेला, ताडून बघायला बाहेरून मागवलेला. दुसऱ्याच्या डोळ्यावर काटा नाही. तो माझा."

स्वामी पाय ताम्हणातच ठेवून पुढं झुकले. ताम्हण खणखणलं. मी एकाला चिमट्यात धरलं. उजव्या डोळ्यावर काटा, डाव्यावरही काटा. हा जुना. दुसऱ्याला धरलं. उजवा डोळा साफ.

"ह्याला नाही," मी म्हटलं.

"झालं! तोच! आई, तू ग्रेट आहेस!" बारशातल्या बायकांना तिनं ओरडूनच काहीतरी सांगितलं. आम्हां घरच्यांचाही जीव भांड्यात पडला. सासूबाई तर म्हणाल्या, "शिवानं राखलं."

आणि मी त्याला बरणीत सोडता सोडता दुसऱ्या बाजूनं वळवलं. का वळवलं? भस्म लावताना आपण एकाच दंडाला लावून थांबत नाही ना. हाताला सवय असते.

डाव्या डोळ्यावर काटा होता. इवलासा, पण होता.

"झालं ना आई? ठेवू?"

"ठेव," मी म्हटलं.

चिठ्ठी बरणीपुढं ठेवली. मग पादपूजेला बसले. स्वामींचे पाय धुतले, पुसले, भस्म लावलं, फुलं वाहिली. बेलाचं पान वाहताना ते पायावर न पडता ताम्हणात पडलं. पुन्हा वाहिलं, पुन्हा तिथंच.

"सिद्धेश्वरी," स्वामी हळूच म्हणाले, "मन कुठं आहे?"

"डाव्या डोळ्यात," माझ्या तोंडून गेलं. आणि सांगून टाकलं.

स्वामींनी ताम्हणातलं पान उचलून बाजूला ठेवलं. "मला सांगून काय उपयोग? ज्या पोरीचं आहे तिला सांग."

"तिचं मन मोडेल."

"मोडेल की. पण मग तिलाच नीट बघता येईल. तू नाही सांगितलंस, तर पुण्यात कुणीतरी सांगेल. चार लोकांत."

स्वामी गेले, आणि स्पिरिट भरायचं राहिलं होतं. कॅन घरात आणायला सासूबाईंची परवानगी नव्हती. म्हणून मीच बोळात गेले, दगडावर बरण्या मांडल्या, कपाळावर भस्म तसंच, आणि नरसाळ्यानं भरू लागले. शेजारच्या अंबुबाईंनी नेमकी तेव्हाच खिडकी उघडली. वास त्यांच्यापर्यंत गेला असणार.

"वैनी," त्या म्हणाल्या, "श्रावणी सोमवारी?"

"आरोहीचं आहे," मी म्हटलं. आणि लक्षात आलं, की बाजू अजूनच बिघडली.

"पोरीचं? अयय, वैनी! तिच्या बाबांना माहीत हाय का?"

मी एक पाहुणा उचलून दाखवला. खिडकी धाडकन बंद झाली.

संध्याकाळी आरोही पेढे घेऊनच आली. चप्पल काढायच्या आधी मला मिठी मारली. मी म्हटलं, "आधी बस. डाव्या डोळ्यावर काटा आहे. तुला फोनवर 'ठेव' म्हटलं, ते चुकलं माझं."

तिनं पेढ्यांचा पुडा तसाच मांडीवर ठेवला. मग पिशवीतून लहानसं सूक्ष्मदर्शक काढलं आणि खिडकीपाशी बसली. अर्धा तास. मी देवघरापाशी उभी, सासूबाई दारात.

"आहे," ती म्हणाली. "काटा आहे. मी प्रत्येक वेळी उजवाच बघितला. फोटोसुद्धा उजव्याच बाजूचे काढले. पुस्तकांत सगळेच उजवी बाजू दाखवतात, म्हणून." तिचे डोळे भरले. "उजव्या डोळ्याचा तुटला असणार जाळ्यात. म्हणजे हा नवा नाही. जुनाच आहे."

सासूबाई तिच्याजवळ गेल्या, डोक्यावर हात ठेवला. "जुना निघाला तर काय झालं गं? जिवंत तर हाय की न्हाय?"

"न्हाय, अज्जी. मेलेला हाय."

"मग त्याला नवं काय आन् जुनं काय?"

आरोही रडता रडता हसली. पेढ्यांचा पुडा फोडला, पहिला पेढा अज्जीला दिला. मग खोडरबर घेतला, चिठ्ठीवरचं 'नवी?' पुसलं, आणि त्या जागी जुन्याचं नाव लिहिलं. पाच बरण्या, चार नावं.

मंगळवारी ती पुण्याला गेली. मी दिवसभर जप केला, पण माळेचे मणी चुकत होते. तीन वाजता फोन आला.

"आई, सर म्हणाले, नवा नाहीच. पण ही जात आपल्या समुद्रात कुणी पाहिली नव्हती, आफ्रिकेकडं सापडायची. म्हणजे इकडची पहिली नोंद माझी. छोटा लेख होईल."

सासूबाई कान देऊन ऐकत होत्या. "म्हंजी परमुलखातनं आलेला," त्या म्हणाल्या.

"आणि आई, सरांनी विचारलं, डावा डोळा कुणी बघितला?"

"काय सांगितलंस?"

"आईनं, म्हटलं. मग त्यांनी विचारलं, आई कुठल्या संस्थेत असतात?"

"मग?"

"मी म्हटलं, सोलापूरला, घरी. तर ते म्हणाले, त्यांच्याकडं अशाच तीस बरण्या आहेत, सगळ्यांचे उजवेच डोळे तपासलेत. आठ दिवस येता येईल का, विचारतायत."

मी काही बोलायच्या आत सासूबाईंनी माझ्या हातातून फोन घेतला.

"येईल म्हणावं तुझ्या सरांना," त्या म्हणाल्या. "पण सोमवार सोडून. आणि तुमची ती दारू तिच्या पूजेच्या खोलीपास्नं लांब ठेवा. मी सोबत येणार हाय, सांगून ठेवते."