वीज वाचवणारे बाबा

मित्रांनो, मी प्राणवायू देणारे एक जुने यंत्र आहे. खोलीतली साधी हवा ओढायची, गाळायची आणि नळीतून आजारी माणसाच्या नाकाशी पोहोचवायची, हे माझे काम. काही वर्षे मी दवाखान्यात राबले. मग बाबांच्या लेकीने मला जुन्याच्या भावात घरी आणले.

बाबांनी उमेदीची वर्षे फरश्या घासण्यात घालवली. लोकांची घरे चकचकीत झाली, दगडाची धूळ मात्र बाबांच्या छातीत घर करून बसली. मला पाहून ते हसले, "या पाहुणे! आता तुमच्या जिवावर आमचा जीव."

पुढे इमारतीत नवे मीटर बसले आणि विजेचे बिल एकदम पाचपट आले. लेक बसमध्ये कंडक्टर होती. ड्यूटी संपवून ती वीज कार्यालयात गेली आणि पडल्या चेहऱ्याने परतली.

"साहेब म्हणतात, घरात असलं मशीन आहे, मग बिल येणारच. आधी भरा, तक्रार नंतर. नाहीतर वीज तोडू."

"मग गं?"

"मग काय! मी ग्राहक न्यायालयात जाणार."

ती गेलीही. तरी एका सकाळी लाइनमन पक्कड घेऊन दारात उभा राहिला. शेजारी जमले. लेकीने न्यायालयाचा आदेश पुढे केला: निकालापर्यंत वीज तोडायची नाही.

"ताई, मला काय हौस आहे? वरून सांगतात, आम्ही येतो," म्हणत तो निघून गेला.

लेकीला हायसे वाटले. बाबांचा चेहरा मात्र उतरला. उभ्या जन्मात त्यांच्या दारी कुणी वसुलीला आले नव्हते.

दुसऱ्या दिवसापासून लेक कामावर गेली की ते माझे बटण बंद करू लागले. "रागावू नका, पाहुणे. तुमच्या-माझ्यापायी पोरगी कोर्टाच्या पायऱ्या झिजवतेय." मग ते भिंतीला टेकून धापा टाकत बसत. ओठ निळे पडत. मला ओरडावेसे वाटे, पण माझा आवाज बटणाबरोबरच गेलेला असे. ती यायच्या सुमाराला ते मला पुन्हा चालू करत.

एकदा ती लवकर आली. माझ्यावर हात ठेवून म्हणाली, "बाबा, मशीन गार कसं?"

"अगं, घरघरीनं कान किटले. आत्ताच बंद केलं."

तिला सगळे उमगले. रजा टाकून ती त्यांच्या उशाशी बसून राहिली. पण छाती पार खचली होती. बाबा गेले.

निकाल त्यानंतर लागला. मीटर बसवताना तारांची गफलत झाली होती आणि खालच्या बर्फाच्या दुकानाची वीज आमच्या नावावर पडत होती. बिल रद्द झाले. लेक रिकाम्या खाटेपाशी उभी राहिली.

"ऐकलंत बाबा? आपलं काही देणं नव्हतंच."

मित्रांनो, घरातले वडीलधारे "मला काही नको" म्हणाले, तर पटकन खरे मानू नका. आणि मोठेपणी कुणाची वीज तोडायचा हुकूम तुमच्या हाती आला, तर त्या तारेच्या दुसऱ्या टोकाला कोण आहे, हे आधी जाऊन पाहा.