विनंती बदली

शिरड शहापूरच्या स्टँडसमोर माझं फ्लेक्सचं दुकान आहे. गावात कुणाचं काही बरं झालं की घरच्यांच्या आधी मला कळतं. निवड, नियुक्ती, पदोन्नती, बदली, वाढदिवस आणि श्रद्धांजली, असे सहा नमुने मी कॉम्प्युटरवर तयार करून ठेवलेत. नाव आणि फोटो बदलला की झालं. माणसाच्या आयुष्यात सातवं काही घडत नाही, असं माझं बरीच वर्षं मत होतं.

प्रज्ञेश खिल्लारेचे मी चार बॅनर केले. त्यातला पहिला खरा होता.

प्रज्ञेश माझ्या वर्गातला. आम्ही सातवीत असताना आमच्या जिल्हा परिषदेच्या शाळेत कोल्हापूरचे एक गुरुजी लागले. आल्या दिवसापासून ते आंतरजिल्हा बदलीच्या मागे होते. इथे त्यांना करमेना, म्हणून त्यांनी फुटबॉल आणला. आम्ही बॅट मागितली होती. गुरुजी म्हणाले, बॅट एकाच्या हातात राहते, फुटबॉल सगळ्यांना लाथाडता येतो. तीन वर्षांनी त्यांची बदली झाली, पेढे वाटून ते गेले. पण जायच्या आधी प्रज्ञेशला गोव्याच्या एका अकॅडमीच्या चाचणीला घेऊन गेले आणि तो निवडला गेला. हिंगोली जिल्ह्यातलं पोरगं समुद्राकाठी फुटबॉल शिकायला चाललं, म्हणून सरपंच सोनाजीरावांनी शाल-नारळ दिला. तेव्हा हे दुकान माझ्या मामाचं होतं आणि मी फक्त माउस धरायचो. प्रज्ञेशचा शाळेच्या ओळखपत्रावरचा तेल चोपडलेला फोटो घेतला आणि त्याच्या मानेखाली सोनाजीरावांच्या जावयाचा कोट लावला. तोच फोटो पुढे चारही बॅनरांना चालला.

आता त्याच्या वडिलांचं सांगतो, नाहीतर पुढचं कळायचं नाही. भीमराजकाका एसटीत कंडक्टर. नोकरी लागली ती थेट कोकणात. प्रज्ञेश जन्मला तेव्हा काका कुठल्यातरी घाटात तिकिटं फाडत होते. दर वर्षी ते विनंती बदलीचा अर्ज करायचे आणि दर वर्षी अर्ज कुठेतरी जाऊन बसायचा. इकडे पंचफुलाकाकूंनी लेकरं एकटीनं वाढवली. मग कोकणातून सोलापूर मिळालं, सोलापुरातून परभणी, परभणीतून हिंगोली. हिंगोली डेपो मिळाला त्या दिवशी काकांनी सगळ्या गल्लीला जेवू घातलं. तेव्हा त्या घरात प्रगतीचा अर्थ एकच होता. माणूस घराच्या जवळ जवळ येत गेला की समजायचं, त्याचं बरं चाललंय.

प्रज्ञेश अठरा वर्षांचा झाला तेव्हा गोव्यातून परत आला. काकांची गाडी स्टँडवर उभी होती. तो दाराशी गेला आणि मी दुकानाच्या पायरीवरून ऐकत होतो.

"बाबा, गोव्यावाल्यांनी सोडलं मला."

"सोडलं? काही खळखळ न करता?"

"न्हाई केली."

"नशीबवान हायेस. माझी ऑर्डर आली तरी साहेबानं सहा महिने सोडलं न्हवतं. आता कुठं?"

"पुण्याचा एक संघ घेतो म्हणून राहिला. दुसऱ्या टीममदी."

काकांनी मनात अंतर मोजलं. "पुणं म्हणजे निम्मी वाट जवळ आलास की," असं म्हणून त्यांनी घंटी मारली आणि गाडी वसमतकडे गेली.

संध्याकाळपर्यंत बॅनरची ऑर्डर माझ्याकडे आली होती. 'पुणे येथे बदली झाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन.' खाली शुभेच्छुकांचे बावीस फोटो. प्रज्ञेश धावत दुकानात आला.

"शिवा, हे छापू नको. बदली न्हाई झाली मपली. काढलंय तिथून. उंची वाढली न्हाई आन् पाय जड हायेत म्हणले."

"मग सांग ना काकाला."

"आज सांगतो."

त्या रात्री मी त्याला स्टेजवर पाहिलं. आधी शाल येते, मग हार येतो, मग नारळ येतो. दोन्ही हातांत नारळ धरलेल्या माणसाला खरं काही बोलता येत नाही, हे मी तेव्हा पहिल्यांदा बघितलं. समोरच्या रांगेत काका बसले होते आणि टाळ्या वाजवत होते. ते वाजवायचे थांबेनात. मग मीही अळीमिळी गुपचिळी केली.

पुण्यात तो दोन वर्षं बहुतेक बाकावरच बसला. मग नांदेडच्या एका क्लबात आला. गावानं पुन्हा बॅनर केला, या वेळी आणखी मोठा. आता लोक त्याच्याकडे सल्ल्याला यायला लागले. थावरा राठोड गुरुजींची बायको नंदुरबारकडे नोकरीला होती. प्रज्ञेश माझ्या दुकानात बसला असताना ते पेढ्याचा पुडा घेऊन आले आणि दार लोटून हळू आवाजात म्हणाले, "प्रज्ञेश, खरं सांग, कोणाला धरलंस? गोवा, पुणं, नांदेड. आमचा तर अर्ज हालून नाही राहिला." प्रज्ञेश म्हणाला, "गुरुजी, चेंडू पायातून निसटू द्यायचा. आपोआप होतं." गुरुजींनी ते डायरीत लिहून घेतलं. मला हसू आलं आणि रागही आला. राग कुणाचा ते मात्र नीट सांगता येत नाही.

नांदेडचा क्लब ज्यांनी काढला होता ते निवडणुकीला उभे राहिले आणि पडले. मतं गेली तसा क्लबही गेला. प्रज्ञेश हिंगोलीत आला. इथला संघ म्हणजे मोंढ्यात हळद तोलणारे, मेडिकलवाले, एक तलाठी आणि दोन पोलीसभरतीची पोरं. पगार नाही. सामन्याच्या दिवशी पोहे, चहा आणि जाण्यायेण्याचं भाडं. पोटासाठी तो सकाळी एका इंग्रजी शाळेत लेकरांना कवायत शिकवतो. चौथा बॅनर स्टँडच्या कमानीएवढा झाला. सोनाजीरावांनी भाषणात सांगितलं की स्वजिल्हा मिळणं म्हणजे खायचं काम नाही, त्याला पुण्याई लागते. त्या बॅनरवर शुभेच्छुक इतके होते की मला प्रज्ञेशलाच कोपऱ्यात सरकवावं लागलं.

आणि त्याच वर्षी भीमराजकाका रिटायर झाले.

आजवर त्यांनी लेकाचा एकही सामना पाहिला नव्हता. सामना रविवारी असायचा आणि रविवारी कंडक्टरला सुटी मिळत नाही. आता सुट्याच सुट्या. काका म्हणाले, "दसऱ्याची स्पर्धा हाय ना हिंगोलीला? येतो मी. बगू तर दे, काय काम करतोस ते."

आदल्या दिवशी प्रज्ञेश दुकानात येऊन स्टुलावर बसला. तो माउसची वायर बोटाला गुंडाळत होता.

"बाबाला एका नजरंत कळंल," तो म्हणाला. "ते मैदान, ती टीम. इतकी वर्सं मी वर चाललोय म्हणून सगळ्या डेपोत सांगितलंय त्यायनं. रिटायरमेंटच्या भाषणात बी मपलंच नाव घेतलं. आता त्या माणसाला काहून ही तकलीफ द्यायची?"

"मग आधीच सांगून टाक."

"उद्या खेळतो आन् बूट ठेवून देतो. खेळच न्हाई राहिला तर इचारणार कोण."

ताकाला जाऊन भांडं लपवायची ही सवय त्याला आम्हीच लावली होती. मी चहा मागवला.

दुसऱ्या दिवशी गावातून दोन जीप भरून माणसं निघाली. सोनाजीरावांच्या मांडीवर शाल होती आणि पायात नारळ घरंगळत होता. मैदानावर चुन्याच्या रेषा मारल्या होत्या. जाळी एकाच गोलला होती आणि नाणेफेक जिंकेल त्यानं ती कुठे हवी ते सांगायचं होतं. सोनाजीरावांना दुपारी दुसरीकडे वास्तुशांतीला जायचं होतं, म्हणून सामन्याआधीच सत्कार उरकू असं ते म्हणाले.

"न्हाई," काका म्हणाले. "गाडी सुटायच्या आदीच कुणी हार घालतं का कंडक्टरला? आदी काम होऊ द्या."

समोर वाशीमचा संघ होता. प्रज्ञेश मागे खेळतो, बचावाच्या मधोमध. काका खुर्चीवर हाताची घडी घालून बसले. आपलं पोरगं धावत जाऊन गोल मारतं, अशी त्यांची इतकी वर्षं समजूत होती. प्रज्ञेश मात्र फारसा धावतच नव्हता. तो ओरडत होता.

"पुढं सरका. चला, पुढं सरका. दोन नंबर, मदी थांबू नको, पुढं सरक."

मी काकांना समजावून सांगितलं की मागची चौघं एकदम पुढे सरकली की समोरचा गडी त्यांच्या पाठीमागे एकटा उरतो. मग त्याला चेंडू दिला तरी पंच शिट्टी मारतो आणि त्याचा सगळा खटाटोप फुकट जातो. काकांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. त्यांच्या हाताची घडी सुटली होती.

"पुढं सरका," प्रज्ञेशचा आवाज आला.

"असं बोलतं व्हय हे," काका हळूच म्हणाले. तीस-बत्तीस वर्षं हेच दोन शब्द ओरडून त्यांचा स्वतःचा घसा गेलेला आहे. ते उठून रेषेपाशी जाऊन उभे राहिले.

दोन नंबरला मोंढ्यातला तोलणारा होता. माणूस चांगला, पण एकदा उभा राहिला की काट्यासारखा तिथेच उभा. तीन जण पुढे सरकायचे, हा मागे राहायचा, आणि वाशीमवाले त्याच्याच बाजूनं आत शिरायचे. पहिला गोल तसा झाला. दुसराही तसाच झाला. "तो दोन नंबरवाला सरकून न्हाई राहिला," काका म्हणाले. आमच्या जीपमधल्यांना तोवर फक्त आपण हरतोय एवढंच कळलं होतं.

तिसरा गोल झाल्यावर आमचे गडी चालायला लागले. तलाठी तर फोन बघून आला. एकदा वाशीमचा पोरगा गोलकीपरलाही चुकवून पुढे गेला. प्रज्ञेश कुठूनसा मागून आला आणि आडवा पडून त्यानं रेषेवरून चेंडू बाहेर काढला. तोंड मातीत घासलं गेलं, ओठ फुटला. तीन गोल डोक्यावर, सामना संपल्यात जमा, त्या एका चेंडूनं कुणाचं काही बिघडलं नसतं. तो उठला, थुंकला आणि परत ओरडला, "पुढं सरका." मी मोबाईलवर त्याचा फोटो काढला.

शिट्टी झाली. तीन-शून्य. सोनाजीरावांनी शाल पिशवीत घातली आणि वास्तुशांतीला उशीर होतोय म्हणाले. कुणीच कुणाकडे बघेना. प्रज्ञेश रेषेपाशी आला आणि बापासमोर उभा राहिला. त्याच्या हातात या वेळी नारळ नव्हता.

काकांनी विचारलं, "गोव्यातून काढलं व्हतं का तुला?"

"व्हय."

"पुण्यातून?"

"व्हय."

"आन् नांदेडातून?"

"तो क्लबच बंद पडला."

"मग इथं कुणी पाठवलं?"

"कुणी न्हाई. मीच इचारत आलो. पगार नको म्हणलो. खेळायचं व्हतं मला."

काकांनी त्याच्या फुटलेल्या ओठाकडे पाहिलं.

"म्हणजे तीनदा तुला दुसऱ्यायनं हलवलं," ते म्हणाले. "ही एकच तुझी विनंती बदली."

प्रज्ञेशनं मान खाली घातली. तो रडत होता आणि ते लपवायची त्यानं काही खटपट केली नाही.

"सोनाजीराव, ती शाल द्या इकडं."

"अहो पण भीमराज, हरलं ना पोरगं."

"म्हणूनच द्या. मागचे तीन सत्कार चुकून झाले. मी बी टाळ्या वाजवल्या. हा बराबर हाय." काकांनी पिशवीतली शाल स्वतःच काढली आणि मातीनं भरलेल्या जर्सीवर लेकाच्या खांद्यावर टाकली. मग दोन नंबरला हाक मारून जवळ बोलावलं आणि माणसानं पुढे काहून सरकायचं असतं, हे त्याला पाच मिनिटं समजावून सांगितलं. तोलणाऱ्यानं सगळं ऐकून घेतलं. इतक्या वर्षांत त्याला कुणी नीट सांगितलंच नव्हतं म्हणे.

दुसऱ्या दिवशी सकाळी काका दुकानात आले.

"शिवशंकर, एक बॅनर कर. फोटो कालचा टाक. कोट नको."

"ओठ फुटलाय काका त्यात."

"असू दे."

"शुभेच्छुक किती टाकू?"

"एकच. भीमराज खिल्लारे, सेवानिवृत्त वाहक."

मी निवडीचा नमुना उघडला, मग बदलीचा, मग पदोन्नतीचा. कुठलाच बसेना. "काका, कशाबद्दल अभिनंदन म्हणून टाकू? यात काहीतरी झालेलं असावं लागतं."

काका दाराकडे वळले. बाहेर हिंगोलीची गाडी लागली होती. प्रज्ञेश पाठीवर बुटांची पिशवी घेऊन तिच्यात चढत होता.

"लिही," ते म्हणाले. "खेळल्याबद्दल."