पूर्वेकडे तोंड केलेली कपाटं

बद्रीनाथशेठचं गारखेड्यातलं मंगल कार्यालय ज्यांनी पाहिलंय त्यांना शेठ समजावून सांगायची गरज नाही. दारात फायबरचे दोन हत्ती, आत सिंहासन, हात धुवायच्या बेसिनवर सोनेरी मोर. अशा माणसाच्या शेजारी एका पंगतीत कुणीतरी बसलं आणि म्हणालं, "आता डेटा सेंटर काढा." शेठनी काढलं. शेंद्र्याकडं जागा घेतली आणि आराखडा करायला मला बोलावलं. मी संध्या. राहते उस्मानपुऱ्यात आणि सर्व्हर ठेवायच्या खोल्या आखणं हेच माझं काम.

मी आराखडा टेबलावर पसरून समजावला. सर्व्हर समोरून थंड हवा ओढतो आणि पाठीमागून गरम फेकतो. म्हणून सर्व्हरच्या कपाटांच्या दोन रांगा समोरासमोर उभ्या करायच्या, मधल्या बोळात जाळीच्या फरशा बसवून खालून गार हवा सोडायची, आणि पाठीमागची गरम हवा भिंतीच्या अंगानं वर खेचून घ्यायची. शेठ मान हलवत होते. ते जिलेबीच्या भावावरही अशीच मान हलवतात.

मग रामप्रसादजी आले. वास्तुतज्ज्ञ. कडक इस्त्रीचा सदरा, हातात होकायंत्र. खोलीच्या मधोमध उभं राहून त्यांनी डोळे मिटले, उघडले आणि म्हणाले, "सगळ्या मशीनची तोंडं पूर्वेला पाहिजेत. पश्चिमेला तोंड केलं की धंदा मावळतीला लागतो."

"मग पहिल्या रांगेची गरम हवा सरळ दुसऱ्या रांगेच्या तोंडात जाईल," मी म्हणाले.

"एसी हाय की," शेठ म्हणाले. "लई मोठा घेतलाय."

"एसी कितीही मोठा असू द्या. मागची रांग पुढच्या रांगेचा उच्छ्वासच ओढणार."

रामप्रसादजी हसले. "मॅडम, हवासुद्धा दिशेचं ऐकते."

"हवा पंख्याचं ऐकते," मी म्हणाले.

शेठच्या कपाळावर आठी आली. "तुम्ही वायरींचं बघा. दिशेचं आम्ही बघतो."

त्या नकाशावर माझं नाव टाकायचं नाही, असं मी सांगितलं. शेठनी तिथल्या तिथं भाचा अजिनाथ याचं नाव टाकलं. अजिनाथनं या कामात एकच भर घातली: कपाटांवर निळे दिवे. वायरी दिसल्या तर शोभा जाते म्हणून वरून जाणारे केबलचे पट्टे काढायला लावले तेही त्यानंच. सगळ्या केबल फरशीखाली कोंबल्या, नेमक्या गार हवेच्या वाटेत.

मी तेव्हाच निघून गेले असते. पण डॉक्टर दीपमाला यांच्या रुग्णालयाचे सर्व्हर शेठनी उद्घाटनाआधीच दुसऱ्या रांगेत आणून बसवले होते, आणि ते मी जोडले होते. पेशंटची सगळी माहिती त्यांच्यात होती. म्हणून थांबले.

उद्घाटन एका बड्या सरकारी साहेबांच्या हस्ते, मे महिन्यातल्या भर दुपारी ठेवलं होतं. पाहुण्यांना दोन रांगांच्या मधून चालवायचं म्हणून शेठनी तिथं दारापासून थेट मागच्या भिंतीपर्यंत लाल गालिचा अंथरला. जाळीच्या फरशांवर. जी काही गार हवा येत होती तिच्यावरच झाकण घातलं. मी जाऊन सांगितलं.

"अर्ध्या तासाचा प्रश्न हाय," शेठ म्हणाले. "साहेबांचे बूट त्या जाळ्यांत अडकले म्हंजे?"

साहेब आले. भाषण सुरू झालं. चाळीस माणसं त्या बोळात घाम पुसत उभी होती. थोड्या वेळानं दुसऱ्या रांगेतल्या सर्व्हरच्या हिरव्या बत्त्या एकेक करून विझायला लागल्या. अजिनाथला वाटलं, छान दिसतंय. त्यानं टाळी वाजवली, म्हणून सगळ्यांनी वाजवली.

माझा फोन वाजला. डॉक्टर दीपमाला. "संध्या, इथं काहीच उघडत नाही. एक बाई टेबलावर आहे, तिचे रिपोर्ट दिसत नाहीत."

मी कपाटाच्या दाराला हात लावला. तव्यासारखं तापलं होतं. मी साहेबांच्या पुढ्यात जाऊन म्हणाले, "बाहेर व्हा. सगळे."

"मॅडम!" शेठ ओरडले.

मी गालिच्याचं टोक धरून ओढलं. साहेब उडी मारून बाजूला झाले. तेवढी एक गोष्ट त्यांनी त्या दिवशी स्वतःच्या डोक्यानं केली. खोली रिकामी झाल्यावर मी स्टेजमागचं मांडवाचं कापड उतरवलं आणि मांडववाल्यांकडून ते पहिल्या रांगेच्या पाठीला छतापर्यंत ताणून बांधून घेतलं. गरम हवा वर जायला लागली. दुसरी रांग थंड होईपर्यंत मी दात खात उभी राहिले, मग रुग्णालयाचे सर्व्हर चालू केले. तोवर डॉक्टरांनी त्या बाईच्या रक्ताच्या तपासण्या नव्यानं करून घेतल्या होत्या. बाई वाचली. त्यात आमच्यापैकी कुणाचंही श्रेय नव्हतं.

दुसऱ्या दिवशी शेठनी मला बोलावलं. रामप्रसादजी शेजारी बसून काजू खात होते.

"गुरुजींनी कारण काढलंय," शेठ त्यांच्याकडं बोट दाखवून म्हणाले. "मुहूर्त चुकला. भटजीची चूक."

"कपाटं कधी फिरवायची?"

"फिरवायची कशाला? कापड राहू द्या की. जरा मोतिया रंगात घेऊ."

मी त्या दोघांच्या तोंडाकडं पाहिलं. दोघंही खरोखर समाधानी होते. भीती नाही, लाज नाही, साधी उत्सुकतासुद्धा नाही. राग यायला समोर कुणीतरी असावं लागतं. मी ऑफिसची चावी काजूंच्या वाटीत ठेवली आणि निघाले.

त्याच आठवड्यात डॉक्टरांनी आपले सर्व्हर परत नेले. रुग्णालयातली एक्स-रेची जुनी खोली मी त्यांना आखून दिली: दोन कपाटं, वर केबलचा उघडा पट्टा, कोपऱ्यात बॅटऱ्या. खोली दिसायला अगदीच रुक्ष होती. डॉक्टर दारात येऊन बघत उभ्या राहिल्या.

"बद्रीनाथशेठ काय म्हणतात?" त्यांनी विचारलं.

"काय म्हणणार? काय झालं तेच त्यांना अजून कळलेलं नाही."

त्या हसल्या नाहीत. बाहेरून कुणीतरी हाक मारली तशा त्या वॉर्डकडं गेल्या, आणि मी आत जाऊन दार ओढून घेतलं.